लेकीच्या नावाचे बक्षीसपत्र

मा. महसूलमंत्री, महाराष्ट्र राज्य,
मंत्रालय, मुंबई यांस

महोदय,



जव्हार तालुक्यातील दाभोसा हे नाव आपल्या दप्तरात आढळले तर ते बहुधा पर्यटनाच्या एखाद्या फाइलीत आढळेल. लेंडी नदी जेथे सुमारे तीनशे फूट खोल दरीत झेपावते तो धबधबा पाहावयास पावसाळ्यात मुंबई-नाशिकची मंडळी येथे येतात आणि अंधार पडण्यापूर्वी परत जातात. मी ज्या विषयासाठी हे पत्र जाहीरपणे लिहीत आहे तो मात्र धबधब्याचा नसून त्याच्या माथ्यावरील नाचणी-वरईच्या शेतांचा आहे, आणि नेमकेपणाने सांगावयाचे तर, ती शेते एका माणसाने दुसऱ्यास मोबदल्यावाचून, केवळ मायेपोटी देऊ केली असता आपला कायदा त्या देण्याकडे कोणत्या दृष्टीने पाहतो, याचा आहे. दस्त लिहिणे हा माझा व्यवसाय. खरेदीखत, गहाणखत, भाडेपट्टा यांविषयी लोक कौतुकाने विचारतात, वकीलही त्यांवर तासन् तास बोलतात; बक्षीसपत्र म्हटले की ते किरकोळ काम समजून बाजूला सारण्याची प्रवृत्ती असते. ज्या व्यवहारात पैसा हात बदलत नाही त्यात भानगड ती काय असणार, असा हा समज आहे. माझा अनुभव याच्या उलट आहे: जेथे मोबदला असतो तेथे निदान मोबदल्याकडे पाहून व्यवहाराची पारख करता येते, परंतु जेथे माणूस काहीच न घेता सर्वस्व देऊन टाकतो तेथे त्याने ते खरोखर दिले की त्याच्याकडून ते घेतले गेले, हे शोधून काढणे न्यायाधीशालाही जड जाते.

दानाच्या कायद्याची चर्चा जव्हारात करावयाची तर ती एका दानकथेपासूनच करणे भाग आहे, कारण लोकपरंपरा प्रमाण मानली तर या संस्थानाचा पायाच एका दानावर उभा आहे. १८८२ साली प्रसिद्ध झालेल्या मुंबई इलाख्याच्या गॅझेटिअरच्या ठाणे खंडात ती परंपरा नमूद आहे. महादेव कोळ्यांचा नायक, मुकणे घराण्याचा मूळपुरुष, याने जव्हारच्या तत्कालीन वारली अधिपतीकडे बैलाच्या एका कातड्याखाली मावेल एवढीच जमीन मागितली. मागणी क्षुल्लक मानून वारल्याने होकार दिला. आणि मग त्या कातड्याच्या बारीक बारीक वाद्या कापून, त्या एकीला एक जोडून, त्यांनी सबंध गडाला वेढा घालण्यात आला. कार्थेज नगरी वसवणाऱ्या डायडो राणीचीही कथा हीच, आणि गॅझेटिअरच्या संपादकांनी ते साम्य तेथेच दाखवून ठेवले आहे. पुढे त्या वारली अधिपतीस गंभीरगड व त्याभोवतीचा मुलूख देऊन त्याची समजूत घालण्यात आली, असेही हीच परंपरा सांगते. कालांतराने दिल्लीच्या सुलतानाने ५ जून १३४३ रोजी मुकण्यांच्या राजपदास मान्यता दिली आणि त्या तारखेपासून जव्हार दरबाराने आपला स्वतंत्र शक चालवला. कातडे विसरले गेले, सनद तेवढी उरली. सनदांचा स्वभावच असा आहे.

ही कथा अक्षरशः घडली की नाही हा प्रश्न इतिहासकारांचा आहे. दस्त लिहिणाऱ्याला तिच्यात जे दिसते ते निराळेच: देणारा राजी होता, त्याच्यावर शस्त्र उगारले नव्हते, साक्षीदारांचीही वाण नसावी, आणि तरीही जे त्याने दिले ते त्याने दिले नव्हते. आपल्या मनात ‘एवढी’ या शब्दाचा जो अर्थ होता तो घेणाऱ्याच्या मनात नाही, हे त्याला वाद्या कापल्या जाईपर्यंत कळले नाही.

योगायोग असा की, ज्या १८८२ साली ही कथा सरकारी छापखान्यातून बाहेर पडली त्याच वर्षीच्या १ जुलैपासून मालमत्ता हस्तांतरण अधिनियम अंमलात आला. मुंबई इलाख्यास तो १८९३ पासून लागू झाला. जव्हार संस्थान १९४८ साली मुंबई प्रांतात विलीन झाल्यानंतर येथल्या रयतेचाही तोच कायदा झाला. या अधिनियमाची १२२ ते १२९ ही आठ कलमे दानाची आहेत, आणि ती वाचताना असे वाटते की त्यांच्या कर्त्यांनी त्या वारली राजाची कैफियत समोर ठेवूनच ती रचली असावीत. दान म्हणजे विद्यमान व निश्चित अशा मालमत्तेचे, स्वेच्छेने आणि मोबदल्यावाचून केलेले हस्तांतरण, आणि ते घेणाऱ्याने देणाऱ्याच्या हयातीत, देणारा देण्यास समर्थ असतानाच स्वीकारलेले असले पाहिजे, असे १२२ वे कलम सांगते. यातला ‘निश्चित’ हा एक शब्द कातड्याची सारी युक्ती निष्फळ करतो. म्हणूनच तर दस्तात गट नंबर, क्षेत्र, आकार आणि चतुःसीमा लिहिल्याशिवाय आम्ही पुढे सरकत नाही. स्थावर मिळकतीचे दान नोंदणीकृत दस्तानेच झाले पाहिजे, त्यावर देणाऱ्याची सही वा अंगठा आणि निदान दोन साक्षीदार असले पाहिजेत, हे १२३ वे कलम. पुढे कमावीन त्या मालमत्तेचे आजच दान करता येत नाही, हे १२४ वे. आणि १२६ वे कलम, ज्याकडे मला पुन्हा वळावयाचे आहे, असे सांगते की एकदा दिलेले दान मनात आले म्हणून परत घेता येत नाही; परंतु करार ज्या कारणांनी रद्द होऊ शकतो, म्हणजे बळजबरी, गैरवाजवी दडपण, कपट, अपवेदन (चुकीचे सांगून केलेली दिशाभूल), त्या कारणांनी दानही रद्द होऊ शकते. वारली राजा आज जव्हारच्या दिवाणी न्यायालयात उभा राहिला असता तर मुदतीच्या मुद्द्यावर हरला असता, गुणदोषांवर मात्र नाही.

हा विचार साहेबाने येथे आणला असे कोणी समजू नये. नारदस्मृतीत ‘दत्ताप्रदानिक’ हे व्यवहाराचे एक स्वतंत्र पद आहे आणि त्यात दानाचे देय, अदेय, दत्त आणि अदत्त असे भेद करून, देऊनही न दिल्यासारखेच राहणारे असे अदत्ताचे सोळा प्रकार सांगितले आहेत: भयाने दिलेले, क्रोधाने दिलेले, शोकात दिलेले, थट्टेत दिलेले, फसवणुकीमुळे दिलेले, बालकाने, मद्यप्याने, परतंत्राने दिलेले. विज्ञानेश्वराने मिताक्षरेत दानात आपले स्वत्व निवृत्त होणे आणि दुसऱ्याचे स्वत्व उत्पन्न होणे या दोन्ही गोष्टी आवश्यक मानल्या आणि स्वीकार मानसिक, वाचिक व कायिक असा तिहेरी असतो असे सांगितले. आणि येथून मोखाडा, त्र्यंबक या वाटेने नाशिकला गेले असता पांडवलेण्यांच्या भिंतीवर तर प्रत्यक्ष नोंदणीच कोरलेली आहे: क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याने भिक्षुसंघासाठी तीन हजार कार्षापणांची अक्षयनीवी म्हणजे कायम ठेव गोवर्धन येथील श्रेणींत ठेवली, दोन हजार दरमहा शेकडा एक टक्क्याने आणि एक हजार पाऊण टक्क्याने, आणि हे सर्व निगमसभेत ऐकवून, रिवाजाप्रमाणे फलकवारात म्हणजे नोंदीच्या दप्तरात चढवले, असे तो लेख म्हणतो. जवळजवळ दोन हजार वर्षांपूर्वीच्या त्या दात्याला, राजाचा जावई असूनही, दान नगराच्या सभेत ऐकवावेसे वाटले. ऐकवणे हा शब्द, महोदय, कृपया लक्षात असू द्यावा.

आमच्या दस्तांत एक ठरलेले वाक्य असते: हे बक्षीसपत्र मी राजीखुशीने, अक्कलहुशारीने, नशापाणी न करता, कोणाच्याही दडपणाखाली न येता लिहून दिले असे. हे वाक्य मी इतक्या वेळा लिहिले आहे की आता ते हाताला पाठ आहे; आणि ज्या माणसाच्या वतीने मी ते लिहितो त्याच्या कानावर ते अनेकदा असे पडते की जणू भटजींनी संकल्प सोडावा. कोकणा, वारली, ठाकूर, कातकरी यांच्या बोलीत ‘अपवेदन’ नाही, ‘स्वत्वनिवृत्ती’ तर नाहीच. ‘निशाणी डाव्या हाताचा अंगठा’ असे लिहून त्यावर ठसा उमटवला की कायद्याच्या दृष्टीने सहीची पूर्तता होते. संमतीची होते की नाही हे त्या शाईला कळत नाही. न्यायालयांना हे ठाऊक आहे. कृष्णमोहन कुल विरुद्ध प्रतिमा मैती या २००३ सालच्या निकालात, शंभरी ओलांडलेल्या आणि पक्षाघाताने अंथरुणाला खिळलेल्या वृद्धाच्या नावावरील दस्ताचा विचार करताना, सर्वोच्च न्यायालयाने विश्वासाच्या स्थानी असलेल्या घेणाऱ्यानेच व्यवहार निर्मळ असल्याचे सिद्ध केले पाहिजे, हे तत्त्व ठामपणे मांडले. तत्त्व उत्तम आहे. परंतु ते वापरण्यासाठी दाव्याची पायरी चढावी लागते, आणि नाचणी संपताच वीटभट्टीवर वा बांधकामावर ‘जगायला’ जाणारे कुटुंब भिवंडी-वसईहून तारखांना येऊ शकत नाही.

परक्याच्या बाबतीत मात्र आपल्या विधिमंडळाने ही अडचण वेळीच ओळखली, हे मोकळेपणाने मान्य केले पाहिजे. सावकाराने लग्नाच्या कर्जापायी माणूस वेठीला आणि जमीन आपल्या खात्याला जोडून घेण्याची जी रीत या डोंगरपट्टीत होती, तिच्या कैफियती १९३९ सालच्या सिमिंग्टन अहवालात आहेत आणि गोदावरी परुळेकरांच्या ‘जेव्हा माणूस जागा होतो’ या ग्रंथात त्या अधिक जळजळीतपणे आहेत. अशा स्थितीत आदिवासीने बिगर आदिवासीला ‘बक्षीस’ दिले असे म्हणणे म्हणजे उंदराने मांजराला मेजवानी दिली असे म्हणण्यासारखेच होते. म्हणून १९७४ च्या दुरुस्तीने महाराष्ट्र जमीन महसूल संहितेत ३६-अ हे कलम घातले गेले: ६ जुलै १९७४ नंतर आदिवासीची भोगवट्याची जमीन विक्री, बक्षीस, अदलाबदल, गहाण, पट्टा वा अन्य कोणत्याही मार्गाने बिगर आदिवासीकडे जाणार असेल तर जिल्हाधिकाऱ्यांची पूर्वमंजुरी, आणि अल्प मुदतीचे गहाण वा पट्टा वगळता, तीही राज्य शासनाच्या पूर्वमान्यतेने. त्या गावात किंवा पाच किलोमीटरांच्या आत ती जमीन घेण्यास तयार असा आदिवासी नाही, अशी जिल्हाधिकाऱ्यांची खात्री झाल्याखेरीज मंजुरी देता येत नाही. १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळात गेलेल्या जमिनी परत देण्याचा जो अधिनियम झाला, त्यातही ‘हस्तांतरण’ या संज्ञेत दान समाविष्ट केले गेले, आणि लिंगप्पा पोचन्ना अप्पेलवार यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९८४ च्या डिसेंबरात तो अधिनियम वैध ठरवला. या तटबंदीचा एक चिराही हलवावा असे मी सुचवीत नाही. ती आहे म्हणून दाभोशाच्या माथ्यावरील शेते अजून दाभोशाच्या माणसांची आहेत. धबधब्याच्या दृश्याची किंमत ज्यांना कळली आहे अशांच्या नजरा त्या शेतांवर नाहीत असे कोण म्हणेल?

माझी दरखास्त निराळी आहे. परक्याला अडवण्यासाठी उभारलेल्या या तटाच्या आत, घरातल्या घरात, एक दुसरी भिंत उभी आहे आणि ती कोणाच्या फारशी लक्षात आलेली नाही. संहितेच्या कलम ३६ च्या पोटकलम (२) प्रमाणे आदिवासीची भोगवट्याची जमीन, ती दुसऱ्या आदिवासीला द्यावयाची असली तरी, जिल्हाधिकाऱ्यांच्या पूर्वमंजुरीवाचून हस्तांतरित होत नाही. घेणारा परका आहे की चुलतभाऊ, सावकार आहे की स्वतःची मुलगी, असा भेद ते पोटकलम करीत नाही. वारसाने येणाऱ्या जमिनीला अर्थातच ही मंजुरी लागत नाही, कारण वारसा हे हस्तांतरण नव्हे. आता हे दोन नियम शेजारी शेजारी ठेवून पाहावे. वारसा येथे कोणाला मिळतो? हिंदू उत्तराधिकार अधिनियम, १९५६ च्या कलम २ च्या पोटकलम (२) ने अनुसूचित जमातींना त्या अधिनियमाच्या बाहेर ठेवले आहे. महाराष्ट्राने १९९४ साली, केंद्राच्या आधीच, मुलीला सहदायादाचा हक्क दिला; २००५ साली केंद्राने तो साऱ्या देशाला दिला; या दोन्ही सुधारणा दाभोशाच्या घाटाखालीच थांबल्या. येथे रूढी चालते, आणि रूढीप्रमाणे बापाची जमीन बहुतेक ठिकाणी मुलांकडे जाते. २०२२ च्या डिसेंबरात कमला नेती प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने आदिवासी मुलीला वारशापासून दूर ठेवण्याचे समर्थन करता येत नाही असे सांगून केंद्र सरकारने त्या अपवादाचा फेरविचार करावा असे सुचवले, आणि जुलै २०२५ मध्ये एका गोंड कुटुंबाच्या दाव्यात, मुलीला वगळणारी रूढी सिद्ध झालेली नसेल तर ती समान वाटेकरी आहे, असा निर्णय दिला. दिल्लीतला हा निर्णय सातबाऱ्याच्या कब्जेदार सदरी उतरेपर्यंत मात्र वाटेत फेरफाराची नोंद, हरकत, जबाब, अपील असे पुष्कळ घाट आहेत.

म्हणून ज्या बापाला आपल्या हयातीतच मुलीची सोय लावावयाची आहे त्याच्यापुढे खात्रीचा मार्ग एकच उरतो, तो बक्षीसपत्राचा. मृत्युपत्र आहे, परंतु त्याची शाबिती देणाऱ्याच्या पश्चात करावी लागते, म्हणजे नेमकी ज्या वेळी मुलगी एकटी आणि भाऊबंद अनेक असतात त्या वेळी. तेव्हा परिणाम काय झाला तो पाहा, महोदय: मुलाला जे न मागता मिळते, ते मुलीला देण्यासाठी बापाला सरकारची परवानगी लागते. विधिमंडळाने असे ठरवून केले असेल असे मला क्षणभरही वाटत नाही. एक कायदा सावकारासाठी केला, दुसरा हिंदू कुटुंबासाठी केला, आणि या दोहोंच्या सांध्यात वारल्याची लेक सापडली, इतकेच. परंतु सांध्यात सापडलेल्याला हेतूची निर्मळता सांगून काय उपयोग?

ज्या बापाच्या नावावर फक्त वनपट्टा आहे त्याची गोष्ट तर येथेच संपते. वनहक्क अधिनियम, २००६ च्या कलम ४(४) प्रमाणे तो हक्क वारसाने जातो, पण त्याचे हस्तांतरण, म्हणून दानही, होऊच शकत नाही. तेथे निदान पती-पत्नी दोघांचे नाव पट्ट्यावर असावे अशी तरतूद आहे आणि त्यामुळे आईचा हक्क कागदावर येतो. त्या अधिनियमाबद्दल बोलण्याची ही जागा नव्हे.

जमीन मालकीची असली तर रस्ता असा आहे. मुद्रांकाचा बोजा शासनाने केव्हाच हलका केला: २०१५ च्या दुरुस्तीने पती, पत्नी, मुलगा, मुलगी, नातू, नात किंवा मृत मुलाची पत्नी यांना निवासी वा शेतीची मिळकत बक्षीस दिल्यास मुद्रांक शुल्क अवघे दोनशे रुपये ठरले, आणि त्या दुरुस्तीत मुलीचे नाव मुलाच्या पंक्तीला आले याबद्दल शासनाला धन्यवादच दिले पाहिजेत. पण दोनशे रुपयांचा मुद्रांक घेण्यापूर्वी जी पूर्वमंजुरी हवी तिचे ठिकाण जिल्ह्याच्या मुख्यालयी. १ ऑगस्ट २०१४ रोजी ठाणे जिल्हा विभागून पालघर झाला तेव्हा मुख्यालय जवळ आले हे खरे. तरीही दाभोशाच्या माणसाला प्रथम जव्हार गाठावे लागते आणि तेथून विक्रमगड, मनोर ओलांडून पालघर. दरखास्तीबरोबर सातबारा, आठ-अ, जातीचे दाखले, वारसांचे जबाब, तलाठ्याचा अहवाल, तहसीलदारांचा अभिप्राय. हे सर्व किती दिवसांत निकाली निघावे, याची मुदत पोटकलम (२) मध्ये लिहिलेली नाही. आणि १२२ व्या कलमाची अट तर आपण वर पाहिलीच: दान पूर्ण होऊन त्याचा स्वीकार देणाऱ्याच्या हयातीतच व्हावयास हवा. सत्तरी उलटलेल्या बापाची दरखास्त टेबलावर असताना बाप गेला तर मंजुरी येऊनही दान होत नाही; त्याच क्षणी जमीन रूढीच्या वाटेने निघून जाते.

आता १२६ व्या कलमाकडे वळतो, कारण मुलीच्या बाजूने बोलताना देणाऱ्याला विसरणे हा अन्याय होईल. बक्षीसपत्र झाले की परत घेता येत नाही. ‘मला वाटेल तेव्हा परत घेईन’ अशी अट दस्तात घातली तर ते दान त्या अटीपुरते आरंभापासूनच निरर्थक ठरते. देणारा मात्र अजून जिवंत असतो आणि त्याला उद्याही भाकर लागते. या प्रश्नावर दोन उपाय कायद्यातच आहेत आणि दोन्ही फार थोड्यांना माहीत आहेत. एक असा की, ताबा आणि उत्पन्नाचा उपभोग हयातभर स्वतःकडे ठेवूनही बक्षीसपत्र करता येते. रेणिकुंतला राजम्मा यांच्या प्रकरणात २०१४ साली सर्वोच्च न्यायालयाने ते स्पष्ट केले आहे. दुसरा असा की, आई-वडील व ज्येष्ठ नागरिक यांच्या निर्वाहाचा व कल्याणाचा अधिनियम, २००७ याच्या कलम २३ प्रमाणे, देणाऱ्याच्या मूलभूत गरजा भागवण्याच्या अटीवर मिळकत दिली आणि घेणाऱ्याने ती अट मोडली, तर ते हस्तांतरण कपटाने वा बळजबरीने झाले असे मानून उपविभागीय अधिकाऱ्यांच्या न्यायाधिकरणाला ते रद्द ठरवता येते. यासाठी दिवाणी दावा नको, वर्षे नकोत. मात्र सुदेश छिकारा प्रकरणात २०२२ साली न्यायालयाने अट सिद्ध होणे आवश्यक ठरवले. २ जानेवारी २०२५ रोजी ऊर्मिला दीक्षित प्रकरणात त्याच न्यायालयाने हा कायदा उदार दृष्टीने वाचला, परंतु तेथेही आईच्या हाती मुलाने लिहून दिलेला कागद होता. थोडक्यात, अट लिहिलेली असेल तर म्हातारा वाचतो. लिहिलेली नसेल तर तो न्यायाधीशाच्या कनवाळूपणावर अवलंबून राहतो. आणि अट लिहिण्याचे काम माझ्यासारख्या दस्तलेखकाच्या लेखणीवर सोडलेले आहे, ज्याची फी बहुधा घेणारा देतो. याहून अधिक स्पष्ट मी लिहू नये.

माझ्या मागणीवर जी हरकत येईल ती मला ठाऊक आहे आणि ती पोकळ नाही. मुलीला दिलेल्या दानाची वाट मोकळी केली, तर मुलीच्या नावाआडून जावई, जावयाच्या आडून शेतघरवाला आणि शेतघरवाल्याच्या आडून दलाल येईल. मुलीने बिगर आदिवासीशी विवाह केला असेल तर जमीन तिच्या मुलांच्या द्वारे तटाबाहेर जाईल. पहिल्या भागाचे उत्तर कलम ३६-अ मध्येच आहे, कारण मुलीकडून पुढे होणारे प्रत्येक हस्तांतरण पुन्हा त्याच तटापाशी येऊन थांबते. दुसऱ्या भागाला इतके सरळ उत्तर नाही. तेथे दस्तातच जमीन पुढे आदिवासी वारसाकडे जाण्याविषयी काही मर्यादा घालावी का, याचा विचार कायदेपंडितांनी करावा, आणि मुलगी आपल्या मनाप्रमाणे लग्न करते एवढ्याच कारणासाठी तिला बापाच्या शेताला मुकावे लागू नये, हेही त्यांनी त्याच वेळी ध्यानात घ्यावे. बनावट ‘मुली’ उभ्या राहतील या भयावर मात्र या मुलखात एक जुना आणि स्वस्त तोडगा आहे. जव्हार आणि मोखाडा हे तालुके पाचव्या अनुसूचीतील अनुसूचित क्षेत्रात आहेत. पेसा अधिनियम, १९९६ प्रमाणे येथील ग्रामसभेला जमिनीचे बेकायदा हस्तांतरण रोखण्याचा अधिकार आहे. कोण कोणाची लेक, कोणाची सून, कोण घरजावई म्हणून आला आणि कोण रस्त्याकडेच्या जमिनीसाठी आला, हे पाड्याला जितके ठाऊक असते तितके कोणत्याही तपासणी पथकाला कळणार नाही. नाशिकच्या लेखातल्या निगमसभेने जे काम केले ते दाभोशाच्या ग्रामसभेला करता येण्यासारखे आहे: दान सर्वांसमक्ष, त्यांच्या बोलीत, मोठ्याने वाचून दाखवणे आणि देणाऱ्याच्या तोंडून ‘हो, मीच दिले’ हे ऐकून घेणे.

यास्तव माझी विनंती अशी आहे. आदिवासी आई-बापाने पोटच्या मुलीला शेतजमीन बक्षीस द्यावयाची असल्यास कलम ३६(२) खालील मंजुरीचा अधिकार जव्हार येथील उपविभागीय अधिकाऱ्यांकडे सोपवावा. दरखास्त आल्यापासून तीस दिवसांत, ग्रामसभेत दस्ताचा मसुदा वाचून दाखवल्याच्या ठरावासह, तिचा निकाल लागावा. नकार द्यावयाचा तर तो सकारण व लेखी असावा. नोंदणी व मुद्रांक विभागाने अशा बक्षीसपत्राचा एक छापील मराठी नमुना काढावा आणि त्यात देणाऱ्याच्या हयातभर उपभोगाचे व निर्वाहाचे कलम मुळातच छापलेले असावे, जेणेकरून ते ज्याला नको असेल त्याने ते खोडावयाचे, ज्याला हवे असेल त्याने मागावयाचे नव्हे. हे परिपत्रकाने होत असेल तर परिपत्रक काढावे, नियमाने होत असेल तर नियम करावा, आणि संहितेत दुरुस्ती लागत असेल तर येत्या अधिवेशनात विधेयक आणावे. पुढची पेरणी लागण्यापूर्वी हे झाले तर काही मुलींच्या नावाची नोंद गाव नमुना सहामध्ये त्यांचे बाप हयात असतानाच होऊ शकेल.



आपला विश्वासू,
एक दस्तलेखक,
दाभोसा, ता. जव्हार, जि. पालघर